'कटर' : खडककामातील एका यांत्रिक संज्ञेचा अर्थ आणि मराठीतील वापर

सारांश

खडकावर काम करणाऱ्या अनेक यंत्रांना व यंत्रभागांना मराठी व्यवहारात सरसकट 'कटर' म्हटले जाते. शब्दशः भाषांतर करू गेल्यास त्याचे 'कर्तक' किंवा 'कर्तन यंत्र' असे रूप होते. परंतु दख्खनच्या काळ्या बसाल्टसारख्या कठीण खडकात 'कटर' म्हणविणारी बहुतेक साधने यांत्रिक अर्थाने खडक कापीत नाहीत. ती ठोके देतात, दाबून कपच्या उडवितात किंवा घासतात. प्रस्तुत लेखात या संज्ञेचा अर्थ, तिचे प्रकार व मराठीतील वापर यांचा परामर्श घेतला असून यंत्राचे नाव आणि त्याची क्रिया यांसाठी दोन वेगळे शब्द योजावेत, अशी मांडणी केली आहे.

बीजशब्द : कटर, खडककाम, बसाल्ट, परिभाषा, बोगदा, सुरुंग

१. प्रस्तावना

पुणे-अहिल्यानगर मार्गावर वाघोलीच्या दगडखाणी मागे टाकून, भीमा ओलांडून कोरेगाव भीमा, सणसवाडी, शिक्रापूर या गावांकडे जाताना तीन निरनिराळ्या व्यवसायांत 'कटर' हा एकच शब्द कानी पडतो. औद्योगिक पट्ट्यातील कारखान्यांत धातू तासणारे फिरते हत्यार म्हणजे कटर. बांधकामावर फरशी, कडाप्पा वा काँक्रीट कापणारे हातयंत्र म्हणजेही कटर. आणि बोगद्याच्या कामाविषयी बोलताना यंत्राच्या तोंडावर बसविलेली पोलादी चकती, तीही कटरच. स्थापत्य अभियांत्रिकीच्या प्रयोगशाळेत तर 'कोअर कटर' म्हणजे मातीची घनता मोजण्यासाठी जमिनीत ठोकावयाचे पोलादी नळकांडे. त्याचा खडकाशी काही संबंध नाही.

एका शब्दाने अनेक वस्तूंचा बोध होणे हे कोणत्याही जिवंत भाषेत स्वाभाविक आहे. शिरूर तालुक्यातच त्याचे दुसरे उदाहरण मिळते. घोड नदीकाठच्या इनामगाव येथे डेक्कन कॉलेजने १९६८ ते १९८३ या काळात केलेले पुरातत्त्वीय संशोधन हे 'उत्खनन' होय, आणि गौण खनिजाच्या नियमांत मुरूम वा दगड काढणे हेही 'उत्खनन'च होय. तेथे संदर्भामुळे घोटाळा होत नाही. 'कटर'च्या बाबतीत मात्र अडचण वेगळी आहे. हा शब्द केवळ वस्तूचे नाव सांगून थांबत नाही, तर ती वस्तू 'कापते' असे विधानही करतो, आणि हे विधान कठीण खडकाच्या बाबतीत बहुधा चुकीचे ठरते. चुकीची समजूत शिक्षणात, कामाच्या मोजमापात आणि सुरक्षिततेत उतरते. म्हणून या संज्ञेची चिकित्सा आवश्यक वाटते.

२. 'कापणे' या क्रियेचा यांत्रिक अर्थ

धातू कापताना हत्याराची धार पदार्थात शिरते, पदार्थाचा थर धारेपुढे सरकतो आणि त्याचा सलग किंवा तुटक कीस निघतो. येथे पदार्थ लवचीक असतो. तुटण्यापूर्वी तो वाकतो, पसरतो. कटर हे नाव अशा क्रियेला यथार्थ आहे.

खडक हा ठिसूळ पदार्थ आहे. तो वाकत नाही, तडकतो. त्याची दाब सोसण्याची शक्ती मोठी असते, परंतु ताण सोसण्याची शक्ती त्या मानाने फारच थोडी, साधारणपणे दहावा हिस्सा किंवा त्याहूनही कमी असते. अखंड काळ्या बसाल्टची दाबसहनशक्ती सामान्यतः १०० मेगापास्कलच्या पुढे असते. पुष्कळदा ती १५० ते २०० मेगापास्कलच्या घरात जाते. अशा खडकात पोलादी धार घुसविणे अवघड आणि खर्चाचे असते. त्यामुळे खडककामाची बहुतेक यंत्रे खडकाच्या बलस्थानावर नव्हे, तर दुबळ्या बाजूवर काम करतात : कोठेतरी दाब किंवा ठोका देऊन आत ताण निर्माण करावयाचा आणि खडकाला स्वतःच तडकू द्यावयाचे.

ही गोष्ट आपल्या पारंपरिक कारागिरांस यंत्रे येण्यापूर्वीच ठाऊक होती. वडार व पाथरवट समाजांतील कारागीर दगडाची 'फूट' पाहून ओळीने भोके घेतात, त्यांत पाचरी ठोकतात आणि दगड त्या रेषेवर उकलतो. या क्रियेला कोणी 'दगड कापणे' म्हणत नाही. 'दगड फोडणे' असेच म्हणतात. पेरणे येथील जयस्तंभाची पायाभरणी १८२१ साली झाली. त्या काळचा प्रत्येक घडीव दगड घण, पाचर, छिन्नी आणि टाकी यांच्या साहाय्यानेच तयार होत असे.

३. मराठीतील क्रियावाचक शब्दसंपत्ती

इंग्रजीत 'कट' या एका क्रियापदावर जो भार पडतो, तो मराठीत अनेक क्रियापदांत विभागलेला आहे. खडक फोडतात, विहीर खोदतात, लेणे कोरतात, पायरी घडवितात, चिरा चिरतात, खडी भरडतात, पाट्याला टाकी लावतात. या शब्दांतील भेद केवळ शैलीचा नाही. प्रत्येक शब्द वेगळी क्रिया आणि वेगळा हेतू दर्शवितो. 'फोडणे' यात तुकड्याच्या आकाराला महत्त्व नाही. 'कोरणे' यात उरलेला भाग महत्त्वाचा, निघालेला भाग टाकाऊ. 'घडणे' यात पृष्ठभागाला रूप देण्याचा उद्देश असतो.

लेण्यांसंबंधीचे लेखन हे याचे उत्तम उदाहरण होय. इंग्रजीत कार्ले, भाजे, वेरूळ येथील वास्तूंना जे विशेषण लावतात त्याचा शब्दशः अर्थ 'खडकात कापलेली' असा होतो. मराठी अभ्यासकांनी मात्र 'कोरीव लेणी' किंवा 'खोदीव लेणी' असे म्हटले, आणि तेच योग्य आहे. अर्धवट राहिलेल्या लेण्यांच्या पाहणीतून तेथील कामाची पद्धत स्पष्ट झालेली आहे : प्रथम खडकात समांतर चर खोदावयाचे आणि नंतर दोन चरांमधील उभा राहिलेला भाग ठोकून पाडावयाचा. आधुनिक बोगदायंत्राची चकती कशी काम करते हे समजण्यास ही पद्धत उपयोगी पडते. त्याचा विचार पुढे केला आहे.

संस्कृतोद्भव धातूंतही असाच भेद आढळतो. 'छिद्' म्हणजे तोडून वेगळे करणे, 'भिद्' म्हणजे फोडणे, 'व्यध्' म्हणजे भोसकणे, 'कृत्' म्हणजे कापणे. 'छेदन', 'भेदन', 'वेधन' आणि 'कर्तन' हे शब्द यांपासून आले. 'टंक' म्हणजे दगड घडविण्याचे हत्यार. त्यापासून मराठीत 'टाकी' आली. म्हणजे ठोका देऊन खूण उमटविणारे हत्यार आणि धारेने कापणारे हत्यार यांतील फरक परंपरेने जपलेला आहे. परिभाषा घडविताना हा भेद पुसून सर्वत्र 'कर्तन' लिहिणे म्हणजे हाती असलेली संपत्ती गमाविणे होय.

४. 'कटर' म्हणविणारी साधने व त्यांची क्रिया

(अ) ठोक्याने काम करणारी साधने. विहिरीच्या व खाणीच्या कामात ट्रॅक्टरवरील कॉम्प्रेसरच्या हवेवर चालणारा जॅकहॅमर सर्वत्र दिसतो. त्याचे टोक, म्हणजे बिट, खडकावर ठोके देते आणि प्रत्येक ठोक्यानंतर किंचित वळते. त्यामुळे पुढचा ठोका नव्या जागी बसतो आणि भोक गोल राहते. बोअरच्या गाडीतही तत्त्व हेच. फरक इतकाच की ठोका देणारा हातोडा भोकाच्या तळाशी, बिटाच्या लगेच वर असतो. बिटावरील टंगस्टन कार्बाइडची बटणे खडकाचा चुरा करतात आणि हवा तो चुरा वर फेकते. पोकलेनला जोडलेला ब्रेकर हेही ठोक्याचेच साधन होय. यांपैकी एकही साधन खडक कापीत नाही. व्यवहारातील 'भोक मारणे', 'बोअर घेणे', 'ब्रेकरने फोडणे' हे प्रयोग म्हणूनच अचूक आहेत.

(आ) दातांनी ओरबाडणारी साधने. कोळसा, चुनखडी अशा मऊ वा मध्यम कठीण खडकांत 'रोडहेडर' नावाचे यंत्र वापरतात. त्याच्या लांब बाहूच्या टोकाशी फिरते डोके असते व त्यावर टोकदार दात बसविलेले असतात. हे दात खडकात रुतून त्याला ओरबाडतात. 'कापणे' या क्रियेच्या हे बरेच जवळचे आहे. परंतु खडकाची दाबसहनशक्ती साधारण १०० ते १२० मेगापास्कलच्या पुढे गेली, की दात लवकर झिजतात व काम परवडत नाही. त्यामुळे अखंड काळ्या बसाल्टात या यंत्राचा उपयोग मर्यादित राहतो. या नावातील 'रोड' म्हणजे वाहतुकीचा रस्ता नव्हे. खाणीच्या परिभाषेत भूगर्भातील वाटेला तसे म्हणतात. नावावरून रस्ते बांधण्याचे यंत्र असा अर्थ काढल्यास भाषांतर पूर्णतः फसते.

(इ) दाबून कपच्या उडविणारी साधने. बोगदायंत्राच्या, म्हणजे टी.बी.एम.च्या, गोल तोंडावर अनेक पोलादी चकत्या बसविलेल्या असतात. त्यांना 'डिस्क कटर' म्हणतात. तोंड फिरू लागले की प्रत्येक चकती खडकावर एका वर्तुळात लोळते. सतरा इंची चकतीवर सुमारे २५ टनांपर्यंत भार देता येतो. चकतीच्या कडेखालील खडकाचा भुगा होतो, त्या भुग्यातून आजूबाजूला तडे जातात आणि शेजारच्या चकतीखालून आलेल्या तड्यांना ते मिळाले की मधली कपची सुटून पडते. दोन चकत्यांच्या वाटांतील अंतर साधारण ७ ते १० सेंटिमीटर असते. हे अंतर फार वाढले तर तडे एकमेकांस मिळत नाहीत, फार कमी झाले तर खडकाचा निष्कारण भुगा होऊन ऊर्जा वाया जाते. समांतर चर खोदून मधला भाग पाडणाऱ्या लेणीकारांची आठवण येथे होते. बळ आणि वेग बदलले, तत्त्व फारसे बदलले नाही.

या प्रकाराच्या इतिहासातच संज्ञेच्या गोंधळाचे मूळ दिसते. अमेरिकन अभियंता जेम्स रॉबिन्स यांनी १९५० च्या दशकात ओआहे धरणाच्या बोगद्यांसाठी बनविलेल्या यंत्रात ओरबाडणारे दात आणि लोळणाऱ्या चकत्या दोन्ही होत्या. १९५६ मध्ये टोरांटो येथील सांडपाण्याच्या बोगद्यात कठीण खडक लागल्यावर दात टिकेनात, आणि केवळ चकत्यांवर काम होऊ शकते असे आढळून आले. दात गेले, चकत्या राहिल्या. पण 'कटर' हे नाव कायम राहिले.

(ई) घासून कापणारी साधने. हिरेकण बसविलेले गोल पाते किंवा हिऱ्याच्या मण्यांची तार दगडावर फिरविली असता अरुंद फट पडते आणि दोन्ही बाजूंचा दगड शाबूत राहतो. सूक्ष्म पातळीवर ही क्रिया घासण्याची असली तरी तिचा परिणाम कापण्याचाच आहे. कडाप्पा कापणाऱ्या हातयंत्रास कटर म्हणणे म्हणूनच रास्त आहे.

कोकणातील चिरेखाणी या प्रकाराचे ठळक उदाहरण होत. जांभा जमिनीत असताना तुलनेने मऊ असतो व उघड्यावर आल्यानंतर कठीण होतो. त्यामुळे तो यंत्राच्या गोल पात्याने सरळ रेषेत कापून त्याचे चिरे काढता येतात. 'चिरा' या शब्दातच चिरण्याची क्रिया आहे. देशावर दगड 'फोडतात' आणि कोकणात चिरा 'काढतात', हा बोलीतील फरक दोन प्रदेशांच्या भूगर्भातील फरकाचे प्रतिबिंब आहे.

(उ) भरडणारी यंत्रे. वाघोली परिसरात दिसणाऱ्या खडी क्रशरमध्ये दोन पोलादी जबड्यांत डबर चिरडला जातो. येथे 'कटर' शब्द कोणी वापरीत नाही, हे लक्षणीय आहे. पश्चिम महाराष्ट्रात या मालास 'खडी' आणि विदर्भात 'गिट्टी' म्हणतात. क्रिया मात्र दोन्हीकडे भरडण्याचीच.

५. संज्ञेच्या वापराचे व्यावहारिक परिणाम

पहिला परिणाम मोजमापाचा. खोदकामाच्या मोजणीसंबंधीच्या आय.एस. १२०० (भाग १) या भारतीय मानकात खडकाची वर्गवारी यंत्राच्या नावावरून केलेली नाही. मऊ वा विघटित खडक, सुरुंग लावावा लागणारा कठीण खडक, आणि सुरुंगास मनाई असलेला कठीण खडक, असे वेगळे वर्ग तेथे आहेत. तिसऱ्या वर्गात छिन्नी, पाचर किंवा मान्य झालेली अन्य पद्धत वापरावी लागते. साहजिकच खर्च व वेळ वाढतो. करारनाम्याच्या मराठी प्रतीत केवळ 'खडक कापणे' असे लिहिल्यास यांपैकी कोणता वर्ग अभिप्रेत आहे ते कळत नाही. 'सुरुंगाविना ब्रेकरने फोडणे' किंवा 'हिरेकणी तारेने कापणे' असे लिहिल्यास वादाला जागा उरत नाही. लहान ठेकेदार आणि मजूर यांच्या दृष्टीने हा शब्दच्छल नव्हे. मजुरीचा प्रश्न आहे.

दुसरा परिणाम सुरक्षिततेचा. ठोक्याच्या साधनात हाताला बसणारे हादरे व आवाज हा मुख्य धोका. घासणाऱ्या साधनात बारीक धूळ व तुटलेले पाते. सुरुंगकामात उडणारे दगड आणि न उडालेली दारू. धुळीवर पाण्याचा मारा हा उपाय आहे, हादऱ्यांवर तो नाही. सर्व यंत्रांस 'कटर' म्हणून एकच सूचनाफलक लावला, तर कामगाराला कोणता धोका कोठे आहे हे उमगत नाही.

तिसरा परिणाम नागरिकांशी होणाऱ्या संवादाचा. पुणे मेट्रोचा शिवाजीनगर ते स्वारगेट हा भुयारी भाग जुन्या पेठांच्या खालून जातो. तेथील यंत्राने करावयाचे खोदकाम २०२२ साली पूर्ण झाले आणि दिवाणी न्यायालय ते स्वारगेट हा टप्पा २९ सप्टेंबर २०२४ रोजी सुरू झाला. मुंबईच्या किनारी रस्त्यावरील जुळे बोगदे १२.१९ मीटर व्यासाच्या 'मावळा' या यंत्राने २०२१ ते २०२३ या काळात खोदले गेले. जुन्या वाड्यात राहणाऱ्या माणसाच्या मनात अशा वेळी एकच प्रश्न असतो : खाली सुरुंग उडणार की नाही? त्याला 'कर्तन यंत्राद्वारे वेधन' असे सांगून उत्तर मिळत नाही. 'चकत्या दाबून खडकाच्या कपच्या काढतात, सुरुंग लावीत नाहीत' या साध्या वाक्याने ते मिळते.

६. हिंदी परिभाषेवरून येणारा धोका

मराठी परिभाषा घडविताना हिंदी शब्दावलीचा आधार घेण्याची प्रथा आहे. बहुतेक ठिकाणी ती उपकारक ठरते. खडककामात मात्र एक मोठा खड्डा आहे. हिंदीत 'सुरंग' म्हणजे बोगदा. मराठीत 'सुरुंग' म्हणजे दारू भरून उडविण्यासाठी घेतलेले भोक, आणि लक्षणेने तो स्फोटही. दोन्हींचे मूळ संस्कृत 'सुरुङ्गा' या शब्दात असून त्याचा संबंध विद्वानांनी नळी या अर्थाच्या ग्रीक 'सिरिंक्स' या शब्दाशी जोडला आहे. मूळ अर्थ पोकळीचा. हिंदीने तो राखला, मराठीने तो स्फोटाकडे वळविला.

परिणामी बोगदायंत्रासाठी हिंदीवरून 'सुरुंग वेधन यंत्र' असा शब्द उचलल्यास मराठी वाचक त्याचा अर्थ सुरुंगाची भोके पाडणारे यंत्र असा घेईल, म्हणजे बरोबर उलटा. ज्या यंत्राचा मुख्य लाभच सुरुंगाशिवाय बोगदा काढणे हा आहे, त्याच्या नावात सुरुंग येणे हास्यास्पद तर आहेच, शिवाय घातकही आहे. मराठीत 'बोगदा' आणि 'भुयार' हे रूढ शब्द असताना त्याची गरजही नाही. 'बोअर' शब्दाबाबतही सावधगिरी हवी. ग्रामीण मराठीत बोअर म्हणजे पाण्यासाठी घेतलेले उभे भोक. 'टनेल बोअरिंग' शिकविताना हा संकेत विद्यार्थ्याच्या मनात असतो, हे अध्यापकाने गृहीत धरावे.

७. अध्यापनासाठी सूचना

अखिल भारतीय तंत्रशिक्षण परिषदेने २०२१ पासून प्रादेशिक भाषांतून अभियांत्रिकी शिकविण्यास वाट करून दिली आहे. त्यामुळे मराठीतील पाठ्यसाहित्याची गरज वाढली असून अशा संज्ञांचा निर्णय वर्गातील अध्यापकालाच करावा लागतो. त्या दृष्टीने पुढील मांडणी विचारार्थ ठेवीत आहे.

पहिली गोष्ट, यंत्राचे किंवा भागाचे नाव म्हणून रूढ असलेला शब्द तसाच ठेवावा : जॅकहॅमर, ब्रेकर, डिस्क कटर, रोडहेडर. कारागीर, ठेकेदार आणि अभियंता या तिघांच्याही तोंडी तोच शब्द असतो. 'कर्तक' असा नवा शब्द घडविल्याने संस्कृतीकरण होते, स्पष्टीकरण होत नाही. उलट कापण्याची चुकीची कल्पना अधिक पक्की होते.

दुसरी गोष्ट, क्रियेसाठी मात्र मराठी क्रियापद नेमकेपणाने वापरावे. जॅकहॅमर भोक पाडतो, ब्रेकर फोडतो, रोडहेडर ओरबाडतो, डिस्क कटर कपच्या उडवितो, हिरेकणी तार कापते, क्रशर भरडतो.

तिसरी गोष्ट, खडकाचे देशी नाव सोबत द्यावे. विहीर खोदणारा 'मुरूम', 'मांजऱ्या' आणि 'काळा कातळ' असे थर ओळखतो. पोकळ्यांनी भरलेल्या मांजऱ्यात जे साधन भरभर चालते, तेच काळ्या कातळात अडते. साधन व खडक यांची जोडी लक्षात आली, म्हणजे संज्ञेचा अर्थ आपोआप स्पष्ट होतो. भूगोल, भूशास्त्र, अभियांत्रिकी आणि मराठी या विषयांच्या अध्यापकांनी एकत्रितपणे परिसरातील एखादी खाण वा विहीर पाहून तेथील शब्दांची नोंद विद्यार्थ्यांकडून करवून घेतल्यास चांगला प्रकल्प होऊ शकेल.

८. समारोप

'कटर' ही संज्ञा साधनाचे यंत्रातील स्थान सांगते, त्याची क्रिया सांगत नाही. जांभ्यात ती शब्दशः खरी ठरते, बसाल्टात बहुधा ठरत नाही. परभाषेतील नाव स्वीकारण्यात कमीपणा नाही. परंतु त्या नावाबरोबर आलेले चुकीचे वर्णनही स्वीकारण्याचे कारण नाही. वर्णनासाठी लागणारे शब्द मराठीत आहेत आणि ते खाणीत, विहिरीवर, बांधकामावर रोज बोलले जातात. ते कोशकारांपर्यंत पोहोचविण्याचे आणि पाठ्यपुस्तकांत आणण्याचे काम अध्यापकांनी केले, तर खडककाम शिकणारा विद्यार्थी आणि खडकावर प्रत्यक्ष काम करणारा मजूर हे दोघे एकच भाषा बोलू लागतील.